न्यायासनापुढें वृकमानव

मनुष्यानें आपल्या कल्पनेंतून ज्या योनि निर्माण केल्या त्यांत रूप पालटणाऱ्या प्राण्यांची योनि फार जुनी व फार दूरवर पसरलेली आहे. मारीच सुवर्णमृग होतो. किंदम ऋषि हरणाचें रूप घेऊन वनांत विहार करितो आणि पांडूच्या बाणाला बळी पडतो. राक्षसांना तर ‘कामरूपी’ हें विशेषण आपल्या महाकाव्यांत इतक्या सहजपणें लाविलेलें असतें कीं, वाचतांना आपण त्यावर क्षणभरही अडखळत नाहीं. या कथा ऐकतच आपल्याकडील मुलें लहानाचीं मोठीं होतात. परंतु मारीचाची कथा ऐकून कोणी आपल्या शेजाऱ्यावर, तो रात्रीं हरिण होतो, अशी फिर्याद गुदरल्याचें आमच्या ऐकिवांत नाहीं. मारीच कथेंत जन्मला आणि कथेंतच राहिला. तो चावडीची पायरी कधीं चढला नाहीं.

युरोपांत मात्र अशाच एका कल्पित योनीवर न्यायासनापुढें उभें राहण्याचा प्रसंग आला. सोळाव्या व सतराव्या शतकांत फ्रान्स, जर्मनी आणि बाल्टिक समुद्राकांठचे प्रांत येथें, लांडगा होऊन माणसें व गुरें मारल्याच्या आरोपावरून हाडामांसाच्या माणसांवर खटले चालले व त्यांपैकीं कित्येकांना जिवंत जाळण्यांत आलें. या प्राण्याला फ्रेंच भाषेंत ‘लू-गारू’ व इंग्रजींत ‘वेअरवुल्फ’ म्हणतात. या इंग्रजी नांवाचा पूर्वार्ध आपल्या ‘वीर’ शब्दाचा आणि उत्तरार्ध ‘वृक’ शब्दाचा सगोत्र आहे. तेव्हां आपण त्यास ‘वृकमानव’ म्हटलें तर भाषाशास्त्रही आपणांस दोष देणार नाहीं.

वृकमानवाचा इतिहास म्हणजे अडाणी लोकांच्या भ्रमाचा इतिहास, असें म्हणून तो बाजूस सारण्याची पद्धति आहे. आमच्या मतें ती पद्धति सोयीची असली तरी बरोबर नाहीं. अडाणी माणूस अशा गोष्टींवर सर्वच काळीं थोडाबहुत विश्वास ठेवीत आला आहे. विचार करण्यासारखा प्रश्न निराळाच आहे. जी गोष्ट दीड हजार वर्षें विद्वानांनीं हंसण्यावारी नेली, ती एकाएकीं विद्वानांनाच खरी कां वाटूं लागली? आणि पुढें शे-सव्वाशें वर्षांनीं तिचा अंमल उतरला तो कोणत्या मार्गानें?

प्रथम जुन्या काळाकडे पाहूं. इसवी सनापूर्वीं पांचव्या शतकांत हिरोडोटसनें सिथियाच्या शेजारीं राहणाऱ्या न्यूरी लोकांची हकीकत दिली आहे. त्यांच्यांतील प्रत्येक जण वर्षांतून एकदां कांहीं दिवस लांडगा होतो, असें तिकडील लोक शपथेवर सांगतात. पण आपला त्यावर विश्वास बसत नाहीं, असें तो मोकळ्या मनानें नमूद करितो. रोमन कवि ओव्हिड यानें आर्केडियाचा राजा लायकेऑन याची कथा रंगविली आहे. या राजानें ज्युपिटर देवाची परीक्षा पाहण्यासाठीं त्याला नरमांस वाढलें आणि त्या पापाबद्दल त्याला लांडग्याचा देह मिळाला. पहिल्या शतकांतील प्लिनी आर्केडियांतील एका घराण्याची गोष्ट सांगतो : चिठ्ठी टाकून निवडलेला पुरुष आपले कपडे ओकच्या झाडाला टांगून तळें पोहून जातो, नऊ वर्षें लांडगा होऊन राहतो, आणि तेवढ्या काळांत नरमांसाला शिवला नाहीं तर परत येऊन पूर्वरूप पावतो. ही गोष्ट देऊन प्लिनी ग्रीकांच्या भोळेपणाची टर उडवितो. त्याच शतकांत पेट्रोनियसनें आपल्या कादंबरीत एका मेजवानीच्या प्रसंगीं ही कल्पना आणिली आहे. एक शिपाई चांदण्यांत कपडे उतरवून लांडगा होतो, मेंढवाड्यांत शिरतो, तेथें एका गुलामाच्या भाल्यानें त्याची मान जखमी होते, आणि सकाळीं तो शिपाई घरीं पडलेला असून वैद्य त्याच्या मानेवर उपचार करीत आहे असें दिसतें. पशूच्या देहावरील जखम माणसाच्या देहावर सांपडणें, ही या कथेची मेख आहे. येथें ती जेवणाच्या पंक्तींतील करमणूक आहे. ही जखम वाचकांनीं ध्यानांत ठेवावी. ती आपणांस पुन्हा भेटणार आहे.

ख्रिस्ती धर्माचा अंमल बसल्यावर ही कल्पना बळावली असेल, असें कोणास वाटेल. वस्तुस्थिति बरोबर उलट आहे. पांचव्या शतकाच्या आरंभीं सेंट ऑगस्टिन यानें असा सिद्धान्त मांडला कीं, सैतानाला नवी सृष्टि निर्माण करितां येत नाहीं किंवा ईश्वरनिर्मित देहाचें खरेंखुरें रूपांतरही करितां येत नाहीं. तो फार तर माणसाच्या कल्पनेला स्वप्नासारखा भास घडवूं शकतो. इ. स. ९०६ च्या सुमारास प्रूम येथील रेगिनो यानें संगृहीत केलेल्या एका धर्मनियमांत तर, परमेश्वरावांचून दुसऱ्या कोणाच्या शक्तीनें प्राण्याचें रूप पालटतें असें जो मानील तो श्रद्धाहीन समजावा, असें स्पष्ट सांगितलें आहे. पुढील शतकांत वर्म्सचा बिशप बर्खार्ड यानें, माणूस लांडगा होतो यावर विश्वास ठेवणाऱ्यास प्रायश्चित्त लावून दिलें. म्हणजे वृकमानव असणें हा गुन्हा नव्हता. वृकमानव असतात असें समजणें हें पाप होतें. ज्या युगाला आपण ‘तमोयुग’ म्हणून नांवें ठेवितों, त्या युगाची ही शिकवण आहे.

शास्त्राच्या या छायेखालीं कथेंतील वृकमानव सुखानें नांदला. बाराव्या शतकाच्या उत्तरार्धांत मारी द फ्रान्स या कवयित्रीनें एका सरदाराची कथा गाइली. त्याची पत्नी त्याचे कपडे चोरून त्याला लांडग्याच्या देहांत कायमचें अडकवून टाकते, आणि राजा मात्र त्या लांडग्याची विवेकबुद्धि ओळखून त्याला जवळ करितो. त्याच सुमारास वेल्सच्या जेराल्डनें आयर्लंडच्या वर्णनांत एक प्रसंग दिला आहे. रानांत मुक्कामास उतरलेल्या धर्मोपदेशकापुढें एक लांडगा येतो, मनुष्यवाणीनें बोलतो आणि मरणोन्मुख झालेल्या आपल्या सोबतिणीला अंत्यसंस्कार द्यावे अशी याचना करितो. धर्मोपदेशक कचरतो, तेव्हां लांडगा त्या मादीचें कातडें वरून खालीं सोलतो आणि आंत एक वृद्ध स्त्री दिसते. या दोन्ही कथांत पशूच्या देहांत माणूस कोंडलेला आहे, आणि त्याला ओळखावें हें पाहणाऱ्याचें कर्तव्य आहे. पुढच्या शतकांतील प्रश्नाचें तोंड याच्या विरुद्ध दिशेला फिरलें. माणसाच्या देहांत पशु लपला आहे, त्याला हुडकून काढा, असें लोक म्हणूं लागले.

हा पालट कसा झाला? पंधराव्या शतकांत चेटकाविषयींची जुनी शिकवण ढिली पडत गेली. चेटकीण ही एक एकटी भ्रमिष्ट बाई नसून सैतानाशीं करार केलेल्या मोठ्या गुप्त संघाची सभासद आहे, ही नवी समजूत धर्मपंडितांच्या ग्रंथांतून पसरली. १४८७ च्या सुमारास छापलेला ‘मॅलियस मॅलेफिकारम्’ हा ग्रंथ त्यांपैकीं सर्वांत कुप्रसिद्ध. त्यांतही लांडग्याच्या रूपांतराला भास किंवा पिशाच्चानें पछाडलेला खरा लांडगा असेंच म्हटलें आहे. पण आतां भासामागें गुन्हेगार शोधावयाचा होता. याच्या जोडीला न्यायपद्धति होती. युरोपखंडांतील बहुतेक देशांत गंभीर गुन्हा शाबीत होण्यास दोन प्रत्यक्षदर्शी साक्षीदार किंवा आरोपीचा कबुलीजबाब लागत असे. रानांत, रात्रीं, लांडग्याच्या रूपानें घडलेल्या कृत्याला दोन साक्षीदार कोठून मिळणार? तेव्हां राहतां राहिला कबुलीजबाब. आणि तो मिळविण्यासाठीं कायद्यानेंच छळाची यंत्रें मान्य केलीं होतीं. फ्रान्सांत १५६२ पासून १५९८ पर्यंत धर्मयुद्धांनीं खेडींपाडीं उद्ध्वस्त झालीं होतीं. दुष्काळ पडत होते, लांडग्यांचा उपद्रव खरोखरच होता आणि मुलें खरोखरच नाहींशीं होत होतीं. आई-बापांचें दुःख कल्पित नव्हतें, हें आपण विसरतां कामा नये. कल्पित होतें तें त्या दुःखाला दिलेलें उत्तर.

१५७३ च्या सुमारास फ्रांश-कोंते प्रांतांतील दोल येथील वरिष्ठ न्यायालयानें, त्या भागांतील शेतकऱ्यांना शिकारीची बंदी असतांही, भाले, बंदुका व सोटे घेऊन वृकमानवाची पारध करण्याची परवानगी दिली. कांहीं दिवसांनीं रानांत एका झोपडीवजा घरांत बायकोसह राहणारा जिल गार्निए नांवाचा दरिद्री संन्यासी पकडला गेला. त्यानें मुलांस मारून त्यांचें मांस खाल्ल्याचें व घरींही नेल्याचें कबूल केलें. न्यायालयाच्या निकालपत्रांत दोन गोष्टी मोठ्या बोलक्या आहेत. एक अशी कीं, शेवटच्या अपराधाच्या वेळीं लोकांनीं त्याला पाहिलें तें मनुष्यरूपांत, लांडग्याच्या रूपांत नव्हे. दुसरी अशी कीं, त्या दिवशीं शुक्रवार, म्हणजे मांसाहार वर्ज्य असलेला वार, असतांही तो तें मांस खाणार होता, हें न्यायाधीशांनीं मुद्दाम नमूद केलें आहे! नरमांसभक्षणाच्या आरोपांत वाराचा विधिनिषेध पाहणाऱ्या त्या निकालाचें आज हंसूं येतें. पण त्या निकालानें एक माणूस जिवंत जळला.

याहूनही अधिक गाजला तो कोलोनजवळील बेडबुर्ग येथील पेटर श्टुंप याचा खटला. त्याची हकीकत मुख्यतः १५९० सालीं लंडनमध्यें छापलेल्या एका पुस्तिकेवरून मिळते. पंचवीस वर्षांच्या काळांत तेरा मुलें व दोन गर्भवती स्त्रिया यांस मारल्याचा आरोप श्टुंपवर होता. छळयंत्रापुढें उभें करतांच त्यानें कबुली दिली कीं, सैतानानें आपल्याला एक पट्टा दिला होता. तो कमरेला बांधला कीं आपण लांडगा होत असूं आणि सोडला कीं पुन्हा माणूस. तो पट्टा आतां कोठें आहे, असें विचारतां त्यानें एका दरीचें नांव सांगितलें.

येथें आम्ही वाचकांस क्षणभर थांबविणार आहों, कारण आमच्या मतें या साऱ्या इतिहासाचें मर्म या दरींत आहे. जर्मन साम्राज्याच्या १५३२ च्या फौजदारी संहितेंत असा नियम होता कीं, आरोपीनें कबुली दिली तरी तिच्यांतील तपशील खरा आहे कीं नाहीं याचा प्रत्यक्ष शोध घ्यावा. म्हणजे छळाखालीं माणूस वाटेल तें बोलतो हें ती संहिता लिहिणारांस ठाऊक होतें, आणि त्यावर त्यांनीं उपायही योजिला होता. बेडबुर्गच्या अधिकाऱ्यांनीं पट्ट्याच्या शोधासाठीं त्या दरींत माणसें पाठविलीं. त्यांना तेथें कांहीं सांपडलें नाहीं. कबुलीच्या खरेपणाची कसोटी पाहण्याची ही एकच संधि होती आणि त्या कसोटीला कबुली उतरली नाहीं. मग अधिकाऱ्यांनीं काय अनुमान काढलें? सैतानानें आपला पट्टा परत नेला असला पाहिजे! पट्टा सांपडता तर तो आरोपाला पुरावा झाला असता. तो सांपडला नाहीं, तोही पुरावाच झाला. ३१ ऑक्टोबर १५८९ रोजीं श्टुंपला चाकावर बांधून, त्याचे हातपाय मोडून, शिरच्छेद करून जाळण्यांत आलें. त्याची मुलगी व त्याच्याशीं संबंध असलेली एक स्त्री यांनाही त्याच्याबरोबर चितेवर चढविलें. पुढें त्या जागीं खांबावर लांडग्याची लांकडी प्रतिमा उभारण्यांत आली. श्टुंप हा खरोखरच खुनी होता कीं नव्हता, हें ठरविण्याचें साधन त्या न्यायाधीशांनीं आपल्या हातांनीं मोडून टाकलें. तो खुनी असेल तर त्याच्या खऱ्या अपराधाचा तपास झाला नाहीं, आणि नसेल तर तीन निरपराध माणसें मेलीं.

अशा न्यायाला पाठिंबा देणारे लोक अडाणी होते काय? राज्याच्या सार्वभौमत्वाची कल्पना ज्यानें आधुनिक युरोपला शिकविली त्या झां बोदँ यानें १५८० सालीं चेटकाविषयीं एक मोठा ग्रंथ लिहिला आणि माणसाचें लांडग्यांत रूपांतर खरोखर होतें असें त्यांत प्रतिपादन केलें. आपल्या महाविद्यालयांतून राज्यशास्त्राच्या तासाला बोदँचें नांव आदरानें घेतलें जातें. त्याच लेखणीनें हेंही लिहिलें आहे हें विद्यार्थ्यांना सहसा कोणी सांगत नाहीं. उलट पक्षीं योहान वायर या वैद्यानें १५६३ मध्येंच असें मत मांडलें होतें कीं, अशीं माणसें विषण्णतेच्या रोगानें पीडित असून त्यांना वैद्याची गरज आहे. १५८४ मध्यें रेजिनाल्ड स्कॉट या इंग्रज गृहस्थानें बोदँची चांगलीच खिल्ली उडविली. स्कॉटलंडचा राजा सहावा जेम्स चेटकिणींचा कट्टा वैरी. पण १५९७ च्या आपल्या ग्रंथांत वृकमानवांना त्यानेंही विषण्णतेच्या रोग्यांतच काढलें. त्या काळीं खरें ज्ञान उपलब्ध नव्हतें म्हणून अनर्थ झाला, ही सबब टिकत नाहीं, हें यावरून दिसेल.

इतकेंच नव्हे, तर नुसतें योग्य मत असल्यानेंही माणूस वांचत नाहीं, हें आंरी बोगे याच्या उदाहरणावरून कळतें. बोगे हा जुरा पर्वतांतील सें-क्लोद येथील न्यायाधीश. १५९८ मध्यें त्या भागांत एका मुलावर लांडग्यानें हल्ला केला. त्या लांडग्याचे पंजे माणसाच्या हातांसारखे होते, असें मुलानें सांगितलें. पेर्नेत गांदियों नांवाच्या एका स्त्रीवर संशय आला आणि चौकशीपूर्वींच जमावानें तिला ठार केलें. मग तिच्या घरच्या माणसांवर खटला चालला. तुरुंगांत तीं माणसें हातापायांवर रांगतांना बोगेनें स्वतः पाहिलीं; मात्र अंगाला लावावयाचा लेप जवळ नसल्यामुळें आम्हांला येथें लांडगा होतां येत नाहीं, असें त्यांनीं सांगितलें. बोगेनें १६०२ च्या सुमारास प्रसिद्ध केलेल्या ग्रंथांत रूपांतर हा केवळ भास आहे असेंच मत दिलें आहे. तरीही त्यानें त्यांना जाळलें. त्याचें म्हणणें असें कीं, देह पालटत नसला तरी इच्छा तर सैतानी आहेच! त्याच ग्रंथांत त्यानें १५८८ मधील ओव्हेर्न्य प्रांतांतील एक हकीकत खरी म्हणून दिली आहे. एका शिकाऱ्यानें लांडग्याचा पंजा तोडला. पिशवींतून काढून पाहतो तों तो अंगठी घातलेला बाईचा हात! ती अंगठी ज्याच्या पत्नीची होती त्या गृहस्थानें घरीं जाऊन पाहिलें, तर पत्नी आपला तुटका हात पदराआड लपवून बसलेली. पुढें तिला जाळण्यांत आलें, असें बोगे सांगतो. पेट्रोनियसच्या मेजवानींतील ती जखम वाचकांनीं ओळखली असेलच. तिकडे ती ऐकून पंक्तींतले पाहुणे चकित झाले. इकडे ती एका न्यायाधीशाच्या ग्रंथांत दाखला होऊन बसली.

पण याच वर्षांत दुसरा प्रवाहही वाहूं लागला होता. १५९८ मध्यें आंजे नजीक झाक रूले नांवाचा एक भिकारी, एका मुलाच्या छिन्नविच्छिन्न प्रेताजवळच्या झुडपांत, अर्धनग्न व रक्तानें माखलेला असा सांपडला. आपण लांडगा होऊन तें कृत्य केलें, असें त्यानें सांगितलें. खालच्या न्यायालयानें त्याला मृत्यूची शिक्षा दिली. परंतु प्रकरण अपिलांत पॅरिसच्या पार्लमांपुढें गेलें. (हें पार्लमां म्हणजे कायदे करणारी सभा नव्हे, तर वरिष्ठ न्यायालय.) तेथील न्यायाधीशांनीं रूलेला दोन वर्षें इस्पितळांत ठेवून धर्मशिक्षण द्यावें असा हुकूम केला. पांच वर्षांनीं, १६०३ मध्यें, बोर्दोच्या पार्लमांपुढें झां ग्रेनिए हा तेरा-चौदा वर्षांचा गुराखी पोर उभा राहिला. मेंढ्या राखणाऱ्या मुलींपुढें त्यानें आपण लांडगा होतों अशी फुशारकी मारली होती. रानांतल्या एका काळ्या पुरुषानें आपल्याला लांडग्याचें कातडें दिलें, असें तो सांगत असे. गांवांत मुलें नाहींशीं झालेलीं होतीं. कबुली होती, साक्षी होत्या, लोकांचा क्षोभ होता. पोराला चितेवर चढविण्यास कांहींच कमी नव्हतें. न्यायाधीशांनीं मात्र त्याचें कोंवळें वय आणि मंद बुद्धि पाहिली. सात-आठ वर्षांच्या मुलालाही याच्याहून अधिक समज असते, असें त्यांना आढळून आलें. त्यांनीं त्याला आमरण एका मठांत ठेवण्याची आज्ञा केली. पियेर द लांक्र हा बोर्दोचाच एक न्यायाधीश १६१० मध्यें त्याला पाहण्यास गेला होता. ठेंगणा, लाजाळू, कोणाच्या तोंडाकडे न पाहणारा, हातापायांवर सहज धांवणारा आणि लांडग्यांची गोष्ट निघाली कीं खुलणारा असा तो तरुण त्याला दिसला. दुसऱ्या वर्षीं ग्रेनिए मठांतच वारला. हा द लांक्र म्हणजे १६०९ मध्यें बास्क प्रांतांत चेटकिणी हुडकण्यास जाऊन कित्येकांना आगींत लोटणारा गृहस्थ. एकाच न्यायालयांत दोन प्रकारचीं मनें नांदत होतीं. आरोपीचें जगणें-मरणें तो कोणापुढें उभा राहिला यावर अवलंबून होतें.

आतां शेवटचा खटला. तो इतर सर्वांहून विलक्षण आहे. १६९१-९२ मध्यें स्वीडनच्या अमलाखालील लिव्होनियांत, म्हणजे आजच्या लॅटव्हियांत, युर्गेन्सबुर्ग येथें चर्चमधील चोरीचा एक खटला चालू असतां थीस नांवाचा ऐंशी वर्षांहून अधिक वयाचा एक शेतकरी साक्षीस आला. हा तर वृकमानव, असें लोक म्हणत. न्यायाधीशांनीं विचारतांच त्यानें बेलाशक होय म्हटलें. त्याला कोणी छळयंत्रावर चढविलें नव्हतें. दहाएक वर्षांपूर्वीं दुसऱ्या एका न्यायालयांतही त्यानें हेंच सांगितलें होतें, आणि तेथल्या न्यायाधीशांनीं हंसून त्याला सोडून दिलें होतें. थीसचें म्हणणें असें होतें कीं, आम्ही वृकमानव सैतानाचे दास नव्हे, देवाचे कुत्रे आहों. चेटके शेताची बरकत चोरून नरकांत नेतात. आम्ही वर्षांतून ठराविक रात्रीं तेथें जाऊन ती परत आणितों, म्हणून तुमचीं पिकें पिकतात. मोडक्या नाकाकडे बोट दाखवून, तें आपल्याला त्याच झुंजींत एका चेटक्यानें मारलेल्या तडाख्यामुळें मोडलें, असें त्यानें सांगितलें. धर्मोपदेशक त्याला पश्चात्ताप करावयास सांगूं लागला, तेव्हां हें सारें आपल्याला तुमच्याहून अधिक कळतें, तुम्ही अजून लहान आहां, असें त्या म्हाताऱ्यानें त्याला सुनावलें.

न्यायाधीश गोंधळांत पडले. आरोपी कबूल तर होतो, पण अपराध कबूल करीत नाहीं. उलट उपकार केल्याचें सांगतो! १६९२ मध्यें वरिष्ठ न्यायालयानें त्याला फटके मारून हद्दपार करण्याची शिक्षा दिली. या खटल्याचे कागद १९२४ मध्यें प्रसिद्ध झाल्यापासून विद्वानांत त्यावर वाद चालला आहे. कार्लो गिन्झबुर्ग या इटालियन इतिहासकाराला त्यांत फार प्राचीन अशा एका धर्मविधीचे अवशेष दिसतात. ब्रूस लिंकन या अमेरिकन पंडिताला त्यांत जर्मन जमीनदारांच्या जाचाखालीं पिचलेल्या लॅटव्हियन शेतकऱ्याचा रोष दिसतो. दोघांनीं मिळून २०२० मध्यें त्यावर ग्रंथही प्रसिद्ध केला. आम्हांस लिंकन यांचें म्हणणें अधिक पटतें. ज्याच्या शेताचें धान्य दरवर्षीं दुसऱ्याच्या कोठारांत जात होतें, त्यानें आपल्या पिकाची बरकत कोणीतरी चोरून नेतो असें म्हणावें, यांत नवल कसलें? पण वाद कसाही मिटो, एक गोष्ट स्पष्ट आहे. यातना नसतांना वृकमानव बोलूं लागला, तेव्हां त्याची कहाणी न्यायाधीशांच्या पुस्तकांतील कहाणीशीं जुळली नाहीं. मागच्या शंभर वर्षांतील कबुलीजबाब एकमेकांशीं इतके जुळत होते, तें ते खरे होते म्हणून नव्हे; विचारणारांचे प्रश्न एकच होते, आणि उत्तर मिळेपर्यंत यातना थांबत नव्हत्या, म्हणून.

फ्रान्सांत १६८२ मध्यें चौदाव्या लुईच्या आज्ञापत्रानें चेटकाच्या खटल्यांचा पाया काढून घेतला. मग पुढच्या शतकांत एक विलक्षण योग आला. १७६४ पासून १७६७ पर्यंत दक्षिण फ्रान्सांतील झेव्होदां प्रांतांत एका हिंस्र श्वापदानें थैमान घातलें. मुख्यतः मुलें व स्त्रिया मिळून सुमारें शंभर माणसें बळी पडलीं. गार्निएच्या काळाहून ही विपत्ति कितीतरी मोठी. बिशपनें तिला ईश्वरी कोप म्हटलें, खेड्यांतील कित्येक लोक तर वृकमानवाचें नांव उघड घेत होते. परंतु राजानें पाठविले ते शिकारी. त्याच्या आंत्वान नांवाच्या अधिकाऱ्यानें १७६५ मध्यें एक प्रचंड लांडगा मारला, आणि हल्ले पुन्हा सुरू झाल्यावर १७६७ मध्यें झां शास्तेल या स्थानिक शिकाऱ्याच्या गोळीनें त्या प्रकरणाचा शेवट झाला. भय तेंच होतें, शोक तोच होता, अफवाही त्याच होत्या. पण लांडगा होतो या आरोपावरून एकाही माणसाला चितेवर चढविलें गेलें नाहीं. दोनशें वर्षांत लांडग्यांविषयींचें ज्ञान फारसें वाढलें नव्हतें. वाढली होती ती न्यायाधीशांची खबरदारी. दरींत पट्टा सांपडला नाहीं तर तो नाहींच, असें म्हणण्याचें धैर्य न्यायासनाला आलें होतें.

न्यायालयांतून सुटल्यावर वृकमानव आपल्या घरीं, म्हणजे कथेंत, परत गेला. १८६५ मध्यें सेबाइन बेअरिंग-गूल्ड या इंग्रज धर्मोपदेशकानें त्याच्यावर एक वाचनीय ग्रंथ लिहून जुने खटले सामान्य वाचकांपुढें मांडले. १९४१ मध्यें अमेरिकेंत निघालेल्या ‘द वुल्फ मॅन’ या बोलपटानें त्याला नवें रूप दिलें. वृकमानवाच्या चाव्यानें दुसरा माणूस वृकमानव होतो आणि रुप्यावांचून त्याला मरण नाहीं, या ज्या गोष्टी आजचा तरुण अनादि समजतो त्यांचा प्रसार मुख्यतः असल्या बोलपटांनीं केला. टॉल्किननें १९३७ मध्यें आपल्या कल्पित सृष्टींत अस्वल होणारा बेऑर्न आणिला, आणि १९९९ मध्यें रोलिंग यांनीं ल्यूपिन नांवाचा एक सुशील शिक्षकच वृकमानव करून दाखविला, ज्याला लोक त्याच्या व्याधीमुळें नोकरींत राहूं देत नाहींत. मारी द फ्रान्सचा दुःखी सरदार आठशें वर्षांनीं पुन्हा भेटल्यासारखें वाटतें. अशा कथांनीं मुलांचीं मनें बिघडतात, अशी कांहीं पालकांची तक्रार असते. इतिहास त्यांना धीर देईल. रूप पालटणारा प्राणी कथेंत असेपर्यंत त्यानें कोणाचा जीव घेतलेला नाहीं.

मात्र तो कथेबाहेर पडण्याचा धोका कायमचा टळला आहे, असें कोणी समजूं नये; आणि हा धोका युरोपाचाच होता असें तर मुळींच समजूं नये. आपल्या महाराष्ट्रांत २०१३ मध्यें जादूटोणाविरोधी कायदा झाला. अमका माणूस करणी करतो, भुतें लावतो किंवा मंत्रतंत्रानें गुरांचें दूध आटवितो, असें म्हणून त्याला छळणें हा त्या कायद्याप्रमाणें अपराध आहे. असा कायदा करण्याची पाळी यावी, त्याच वर्षीं त्याच्यासाठीं झटणारे डॉ. नरेन्द्र दाभोलकर यांचा खून व्हावा, यावरूनच आपल्या स्थितीची कल्पना येते. लिव्होनियांत शेताची बरकत चोरीस जात होती, आपल्याकडे गाईम्हशींचें दूध चोरीस जातें, फरक एवढाच. मूल दगावलेलें असतें, जनावर मेलेलें असतें, दुःख खरें असतें. आणि त्या दुःखाला कोणीतरी एक चेहरा देऊं करतो. असा चेहरा बहुधा एखाद्या एकट्या बाईचा, उपऱ्याचा किंवा गार्निएसारख्या कंगालाचा असतो. त्या वेळीं जमलेल्या लोकांत, पट्टा कोठें आहे तो दाखवा, असें विचारणारें एक तरी माणूस असावें. सुशिक्षित घरांकडून समाजाची एवढी अपेक्षा वाजवी आहे, असें आम्हांस वाटतें.